साक्षीदार क्रमांक दोन

पंचनाम्यात मी पूर्वेच्या जागी पश्चिम लिहिलं आणि पश्चिमेच्या जागी पूर्व. एवढीच चूक. खाडाखोड नाही, अक्षर वळणदार, खाली माझी सही आणि हुद्दा: कनिष्ठ अभियंता, अतिक्रमण विभाग. शाळेत भूगोलात मला चांगले गुण पडायचे, हे मी आजही कुणी न विचारता सांगतो.

चूक कशी झाली ते सांगायला हवं, कारण आमच्या खात्याबाहेरचा माणूस ती करूच शकणार नाही. पंचनाम्यात जागेची चतुःसीमा लिहावी लागते, म्हणजे चारी बाजूंना काय काय आहे ते. कामोठ्याच्या त्या टोकाला पालिकेचे सगळे भूखंड रस्त्याच्या उत्तरेला आहेत. म्हणून मी स्वतःपुरती एक सोय करून घेतली होती. रस्त्याकडे पाठ करून उभं राहायचं, उजवा हात जाईल ती पूर्व. होकायंत्र नको, सूर्य नको. कितीतरी पंचनामे या उजव्या हाताच्या भरवशावर झाले आणि एकही चुकला नाही. त्या दिवशी मात्र पुढच्या फाटकाला कुलूप होतं आणि आत दोन दांडगी कुत्री. म्हणून आम्ही मागून, नाल्याच्या बाजूने शिरलो. पाठ नाल्याकडे, तोंड रस्त्याकडे, आणि उजवा हात आपला सवयीने पूर्व दाखवतोय. मी लिहिलं: ‘पूर्वेस विहीर, पश्चिमेस सोसायटीची भिंत.’

बरोबर आमचे बीट मुकादम बाळाराम होते. सगळं ऑफिस त्यांना नाना म्हणतं. ते माझ्या कानाशी येऊन हळूच म्हणाले, “साहेब, आज आपुन मागनं आलोत. तुमचा उजवा हात...”

“नाना,” मी म्हटलं, “डिप्लोमा माझा आहे.”

नाना गप्प बसले. पंचांनी सह्या केल्या. कागद फाइलला लागला.

असं तोडून मी बोललो, त्याला कारण एकच. मला नानांचा हेवा वाटायचा. वरिष्ठाचा हेवा वाटला तर त्याला महत्त्वाकांक्षा म्हणता येतं. हाताखालच्या माणसाचा वाटला की त्याला काही चांगलं नाव मिळत नाही.

बीट मुकादम म्हणजे रोज आपला भाग पायी फिरून कुठे विटा पडल्या, कुठे रातोरात पत्रे चढले, ते सांगणारा माणूस. नाना सातवी शिकलेले, इथल्याच खाडीकाठच्या गावचे. या शहरासाठी त्यांच्या वडिलांची जमीन गेली, मागाहून मोबदल्याच्या पैशातून गावात तीन मजली घर उभं राहिलं, दारात मोठी गाडी आली. मी साताऱ्याहून येऊन कामोठ्यात वन बीएचके घेतलेला, स्कूटरवाला. नाना ऑफिसला गाडी घेऊन यायचे, पण ती दोन गल्ल्या सोडून लावायचे. साहेबांच्या स्कूटरशेजारी बरी दिसत नाही म्हणून. हे मला शिपायाने सांगितलं. ती गाडी माझ्या स्कूटरला खेटून लावली असती तरी मला इतकं झोंबलं नसतं.

एकदा मी त्यांना विचारलंही, “नाना, तुम्हाला नोकरीची गरज काय?”

“घरान बसून करू काय साहेब? हितं चार मानसं भेटतात. तीन भांडतात, पन भेटतात.”

घरीही त्यांचाच बोलबाला. माझी बायको सुनंदा माझ्याच गावाकडची. लग्नानंतर कित्येक वर्षं सुक्या मासळीचं नाव काढलं तरी नाकाला पदर लावायची. एकदा नाना फाइल द्यायला घरी आले आणि बोलता बोलता तिला जवळा कसा भाजायचा, कोकम कधी टाकायचं ते सांगून गेले. तेव्हापासून आमच्याकडे दर बुधवारी जवळा. मी वीस वर्षं सांगत होतो तेव्हा वास येत होता. नानांनी सांगितल्यावर सुगंध यायला लागला.

“तुम्ही त्यांच्यावर जळता,” सुनंदा म्हणायची.

“मी कशाला जळू?”

“मग ही तिसरी भाकरी रागाने का तोडताय?”

आता आमच्या धंद्याबद्दल थोडं. लोकांना वाटतं, अतिक्रमण विभाग म्हणजे जेसीबी, पोलीस आणि रडारड. जेसीबी हा शेवटचा अर्धा तास. त्याच्याआधी काही वर्षं नुसते कागद. आम्ही नोटीस दिली की ज्याने बांधलं तोच कोर्टात जाऊन आमच्यावर दावा लावतो आणि मनाई हुकूम आणतो. मग जागा आमची आहे आणि बांधकाम त्याने विनापरवाना केलंय, हे कोर्टात आम्ही दाखवायचं. ऐकायला सोपं वाटतं. डोळ्यांसमोर सहा गाळे उभे असतात, आत टायरवाला टायर बदलत असतो, आणि ते गाळे तिथे आहेत हे सिद्ध करायला माणसाची अर्धी नोकरी जाते.

त्यात गिऱ्हाइकं एकेक नमुन्याची. तळोज्याकडच्या एकाला दिलेली नोटीस तो घेईना, म्हणून आम्ही ती त्याच्या शेडच्या भिंतीवर चिकटवली. त्याने तेवढी भिंत पाडली, बाकीच्या तीन ठेवल्या, आणि कोर्टात सांगितलं की मला नोटीस मिळालेलीच नाही. त्यानंतर नानांनी युक्ती काढली. नोटीस चिकटवली की शेजारी त्या दिवशीचा पेपर धरून उभं राहायचं आणि फोटो काढायचा. भिंत गेली तरी फोटो राहतो, आणि पेपरवरची तारीख कुणाला खोटी म्हणता येत नाही. साध्या पेपराने आमच्या दोन केसेस तरल्या. विभागाच्या बैठकीत वरिष्ठांनी नानांना उभं करून टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. दोन.

असे आम्ही दोघं जनार्दन शेठच्या भूखंडावर जाऊन पोहोचलो. जागा मैदानासाठी राखीव. शेठने तिथे सहा गाळे काढून भाड्याने दिले होते. कळंबोलीच्या लोखंड बाजारातून येणारे ट्रक तिथे टायर बदलायला थांबत. आम्ही वर सांगितलेला पंचनामा केला, नोटीस दिली, शेठने दावा लावला. त्याचं म्हणणं असं की, ही जागा पालिकेची नव्हेच. इथे माझ्या आजोबांचं घर होतं, ही विहीर आजोबांनी खणली, मी फक्त जुन्या घराची डागडुजी केली. हा दावा आम्ही हरलो असतो तर त्या पट्ट्यातल्या बाकीच्या भूखंडांवरही कुणाकुणाचे आजोबा निघणार होते.

साक्षीपुराव्याची वेळ येईपर्यंत मध्ये तीन दिवाळ्या गेल्या. पालिकेच्या वकील कुलकर्णी मॅडम. त्यांनी साक्षीदारांची यादी केली: क्रमांक एक मी, क्रमांक दोन नाना. त्या संध्याकाळी नाना माझ्या टेबलाशी आले. बसले नाहीत.

“साहेब, एक सांगाचं व्हतं. जनार्दन माझा चुलतभाव हाय.”

दोघांचं आडनाव एकच, पण त्या गावात निम्म्या दारांवर तेच आडनाव. माझ्या डोक्यातही आलं नव्हतं.

“सख्खा चुलत?”

“त्याचा बाप नि माझा बाप सख्खे भाव. मी खोटं नाय बोलनार, साहेब. उभा केलात तं खरं तेच सांगन. पन तुमी अगोदर इचार करा.”

विचार मी केला. इतका चांगला विचार मी नोकरीत क्वचित केला असेल. याआधीच्या एका केसमध्ये न्यायाधीश महाराजांनी नानांची साक्ष संपल्यावर ‘स्पष्ट बोललात’ असं म्हटलं होतं. मला कुणी आजवर असं काही म्हटलं नव्हतं. कोर्टाच्या आवारात वकील लोक नानांना हाक मारून चहा पाजत, मी मागे फाइल धरून उभा. जनार्दन शेठची केस मोठी होती, त्याबद्दल पेपरात आलं होतं. ती आपण एकट्याने जिंकावी असं मला फार वाटत होतं. मी टिपणी लिहिली: ‘साक्षीदार क्र. २ हे वादीचे चुलतबंधू असल्याने त्यांची साक्ष टाळणे इष्ट.’ तिच्यात एक अक्षर खोटं नव्हतं.

“इष्ट?” मॅडम म्हणाल्या. “मला तर असाच हवाय. वादीचा भाऊ आपल्या बाजूने बोलतोय, यापेक्षा आणखी काय पाहिजे?”

“मॅडम, पण ऐनवेळी उलटला तर?”

हा प्रश्न एकदाच विचारावा लागतो. मॅडमनी नाव खोडलं.

दुसऱ्या दिवशी नाना आमच्या घरी आले. हातात पिशवी, पिशवीत खाडीच्या चिखलातले ताजे निवटे मासे. इतके ताजे की पिशवी हलत होती. सुनंदा ओट्यावरून दोन पावलं मागे सरली.

“वहिनी, साहेबांनी मना सोडवला,” नाना म्हणाले. “घरचं भांडन व्हतं. साहेबांना सांगितलं नि त्यांनी नाव काढून टाकलं. असा साहेब भेटाला नशीब लागतं.”

सुनंदा माझ्याकडे बघायला लागली. मी निवट्यांकडे बघायला लागलो.

मग माझी तारीख आली. मी इस्त्रीचा शर्ट घालून पिंजऱ्यात चढलो. मॅडमचे प्रश्न छान झाले. उलटतपासणीला समोरचे वकील उठले. वयस्कर, फार गोड बोलणारे, आवाज देवघरातला.

“साहेब, तुम्ही पंचनामा जागेवर जाऊन केलात?”

“हो.”

“पूर्व-पश्चिम तुम्हाला समजतं?”

“मी इंजिनिअर आहे.”

“म्हणूनच विचारलं. जरा वाचता? पूर्वेस काय लिहिलंय?”

“पूर्वेस विहीर.”

“आणि हा गूगलचा नकाशा. याच्यात विहीर कुठे दिसते?”

मी नकाशा बघितला. पंचनामा बघितला. माझा उजवा हात कठड्यावर होता. तो मी हळूच खाली घेतला.

“पश्चिमेला,” मी म्हटलं.

“म्हणजे सूर्य कुठून उगवतो तेही...?”

“माझ्या घरातून सूर्य दिसत नाही. समोर बिल्डिंग आहे.”

हे मी खरोखर बोललो. कोर्ट हसलं, टायपिस्टबाई हसल्या. मला वाटलं, आपण वेळ मारून नेली. तेवढ्यात वकीलसाहेब त्याच देवघरातल्या आवाजात म्हणाले, “माझं म्हणणं आहे की तुम्ही त्या जागेवर गेलाच नाहीत. ऑफिसात बसून पंचनामा लिहिलात.” आणि मग कुणी हसलं नाही.

बाहेर आल्यावर कुलकर्णी मॅडम चहासुद्धा घ्यायला थांबेनात. “कळतंय का तुम्हाला? जुन्या मोजणीच्या नकाशात विहीरच नाही. तुमच्या पंचनाम्यात ती भलत्याच बाजूला. आता हे दोन कागद एकाच जागेचे आहेत, हे कोर्टाने कशावरून मानायचं? पंचांना विचारलं, त्यांना काही आठवत नाही. पंचनाम्याच्या वेळी आणखी कोण होतं?”

मी फाइलची नाडी बांधायला लागलो.

“अहो, कोण होतं?”

“नाना.”

मॅडमनी चष्मा काढून माझ्याकडे पाहिलं. “त्यांचं नाव परत घालायचा अर्ज मी करते. पण त्यांना समन्स पाठवणार नाही. तुम्ही स्वतः जा आणि विचारा.”

रविवारी सकाळी गेलो. नानांच्या अंगणात बांबूंचा ढीग, काथ्याच्या गुंड्या, आणि नाना मध्ये उकिडवे बसून बांबू निवडताहेत. मी विचारलं, काय कार्य? तर जनार्दन शेठच्या मुलीची हळद. त्यांच्याकडे लग्नापेक्षा हळद मोठी, सगळं गाव जेवतं. आणि मुलीच्या हळदीचा मांडव चुलत्याने घालायचा, अशी त्यांच्या घराची रीत.

नानांच्या बायकोने चहा आणला. मी तो निवू दिला. मग जे घडलं ते सगळं सांगितलं, आणि शेवटी टिपणीचंही सांगितलं. “नाना, तुम्हाला सोडवायला मी नाव काढलं नव्हतं. तुम्ही असताना माझ्याकडे कुणी बघत नाही, म्हणून काढलं.”

नाना हातातला बांबू उगाच फिरवत राहिले. ते रागावले असते तर मला सोपं गेलं असतं. त्यांनी ढिगाकडे पाहिलं, आत स्वयंपाकघराकडे पाहिलं, मग विचारलं, “तारीख कंदी हाय?”

मी तारीख सांगितली. हळदीच्या चार दिवस आधीची.

“बरं,” नाना म्हणाले. “चा थंड झाला. दुसरा सांगतो.”

नानांची साक्ष मी मागच्या बाकावर बसून ऐकली. जनार्दन शेठ पहिल्या बाकावर. मॅडमनी विचारलं, वादीच्या आजोबांचं घर या जागेवर होतं का?

“त्याचा आजा तोच माझा आजा,” नाना म्हणाले. “आजाचं घर गावान, देवलाचे मागं. त्याच जोत्यावर माझं घर हाय, मी त्यान ऱ्हातो. ह्ये जागेवर मिठागर व्हतं. माझी आय हितं डोक्यावर मीठ वाहाची. मिठागरान कोन घर बांधल साहेब? नि विहीर कोन खनल? पानी खारं. ढोर बी तोंड लावत नाय. ही विहीर गाल्यांच्या बांधकामाला खनली, मी सवता बघितली.”

मग पंचनाम्याचा विषय निघाला. नानांनी सांगितलं, पुढलं गेट बंद, मागनं शिरलो, साहेबांचा उजवा हात त्या दिवशी पश्चिमेकडं व्हता. इतकं सरळ की न्यायाधीशांनी स्वतः कागदावर छोटा चौकोन काढून बघितला आणि मान हलवली. मागच्या बाकावर माझा जीव भांड्यात पडला, आणि त्याच क्षणी पुन्हा हेवाही वाटला. मला जे माझ्याच चुकीबद्दल सांगता आलं नव्हतं, ते या माणसाने चार वाक्यांत सांगितलं होतं.

समोरचे वकील उठले. “तुम्हाला चूक तेव्हाच दिसली होती, तर साहेबांना सांगितलं नाहीत?”

नानांनी एकदा माझ्याकडे पाहिलं.

“सांगितलं.”

“मग?”

“साहेबांनी मना गप बसवला.”

यावेळी कोर्ट जास्त हसलं. पण त्या उत्तरानंतर नानांच्या बाकीच्या साक्षीवर शंका घ्यायला जागा उरली नाही. स्वतःच्या साहेबाला जो सोडत नाही, त्याला पढवलेला साक्षीदार कोण म्हणेल? वकीलसाहेबांनी शेवटचा खडा टाकला. “तुमचं आणि वादीचं भांडण आहे?”

“नाय साहेब. त्याचे पोरीची हलद हाय चार दिवसांनी. मांडव मी घालनार व्हतो.”

‘व्हतो’ म्हणताना नाना थांबले. जनार्दन शेठ उठून बाहेर गेला. दार त्याने आपटलं नाही, नुसतं उघडंच ठेवून गेला.

निकाल यायला आणखी काही महिने लागले. दावा फेटाळला, मनाई हुकूम उठला, एका सकाळी जेसीबीने अर्ध्या तासात सहा गाळे झोपवले. तिथे आता मैदान आहे, तिन्हीसांजेला शेजारच्या सोसायटीतली पोरं सायकली फिरवतात. बांबूंच्या ढिगाचं काय झालं ते मी नानांना विचारलं नाही. हळदीला त्यांच्या घरातल्या कुणालाही बोलावणं नव्हतं, हे शिपायाने सांगितलं. नाना त्या दिवशी बीटवर होते. दोनदा फिरून आले.

निकालपत्राची प्रत मिळाली त्या संध्याकाळी मी ती घरी नेली. सुनंदा भाजी निवडत होती, तिला मोठ्याने वाचून दाखवली. ‘साक्षीदार क्रमांक दोन यांनी नात्याचा वा वरिष्ठांचा मुलाहिजा न ठेवता दिलेली साक्ष नैसर्गिक व विश्वासार्ह वाटते’, आणि पुढे दीड पान नाना. मग ‘साक्षीदार क्रमांक एक यांचा दिशांबाबत गोंधळ झाल्याचे दिसते.’ पूर्णविराम. पंचनामा माझा, नोटीस माझी, तीन वर्षं फाइल मी वाहिली. मी पान उलटून पलीकडे बघितलं, माझ्याबद्दल आणखी काही आहे का. नव्हतं.

“दीड पान!” मी म्हटलं. “आणि मला एक ओळ!”

सुनंदाने भाजीची परात बाजूला सारली आणि चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. “त्यांचा भाऊ तुटला,” ती म्हणाली, “आणि तुम्ही ओळी मोजताय? उद्या सकाळी जा आणि नानांना जोडीने जेवायला बोलावून या. आणि हो, बोलावताना हे निकालपत्र बरोबर नेऊ नका.”